दुकान वाढवलं

शनिवारी सकाळी नीलांबरी एरवी अमेरिकेतल्या पार्सिपनीच्या मराठी शाळेत असायची. त्या शनिवारी मात्र ती गावातल्या जुन्या थिएटरच्या प्रोजेक्शन रूममध्ये बसून एका फिल्मची सबटायटलं तपासत होती. फेस्टिव्हलवाल्यांनी विनंती केली होती की मराठी येणाऱ्या कुणीतरी एकदा नुसती नजर टाकावी. आता नुसती नजर टाकणं नीलांबरीला उभ्या जन्मात जमलेलं नाही. आठवडाभर ती एका विमा कंपनीत सॉफ्टवेअर टेस्ट करते, म्हणजे लोकांच्या चुका काढायचाच पगार घेते. घरी आल्यावर तेच काम नवऱ्यावर करते, बिनपगारी.

शो दुपारी दोनला होता. फिल्म गावातल्याच एका इंडियन ग्रोसरी स्टोअरवर होती. यतीन आणि राजेश या दोघा मित्रांनी आयटीतल्या नोकऱ्या सोडून ते सुरू केलं होतं. तीन वर्षांपूर्वी ऐन दिवाळीच्या तोंडावर राजेश हार्ट अटॅकने गेला, आणि आता यतीन एकटा ते चालवत होता. फिल्म संपत आली तरी नीलांबरीला किरकोळच काही सापडलं होतं. 'आमचं मेतकूट जमलं' याचं इंग्रजी 'आम्ही मिळून मसाला बनवला' असं झालं होतं. ती खुदकन हसली आणि पुढे गेली.

मग शेवटचा इंटरव्ह्यू आला. यतीन काउंटरमागे बसलेला. कॅमेरा त्याच्या चेहऱ्यावरून हलत नव्हता.

"राजेश गेला, त्याच दिवशी मी दुकान वाढवलं," यतीन म्हणाला. "दुसरं काय करणार होतो मी?"

खाली इंग्रजीत अक्षरं उमटली. राजेश वारला, त्याच दिवशी मी धंद्याचा विस्तार केला. दुसरं काय करणार होतो मी?

मग पडद्यावर शांतता. यतीन नुसता बसलाय, ओठ घट्ट मिटलेत. ती शांतता संपवूच नये असं ठरवल्यासारखी लांब होती. आणि एकदम ड्रिलचा आवाज. दुकानाची भिंत पाडून शेजारचा गाळा आत घेताना दाखवला होता. धुळीत फिल्म संपली.

नीलांबरी पुढे सरकली नाही. तिने मागे जाऊन पुन्हा ऐकलं. मग आणखी एकदा.

ज्याच्या घरात दुकान आहे त्याला हे सांगावं लागत नाही. दिवसाचा धंदा संपला की दुकान 'बंद केलं' म्हणत नाहीत, अशुभ वाटतं, 'वाढवलं' म्हणतात. नारळ फोडत नाहीत, वाढवतात. बांगडीही फुटत नाही, वाढते. यतीनच्या वडिलांचं अमरावतीला किराणा दुकान होतं, त्याच्या तोंडी दुसरा शब्द यायचाच नाही. बिचारा एवढंच सांगत होता की मित्र गेल्याचं कळल्यावर मी दुकानाला कुलूप लावलं. आणि फिल्म चारशे लोकांना सांगणार होती की मित्राची राख व्हायच्या आत या माणसाने हातपाय पसरले. त्या चारशेत पुढच्याच रांगेत, पांढरा शर्ट घालून, यतीन स्वतः बसणार होता.

शेवटच्या पाटीवर अनुवाद करणाऱ्याचं नाव आलं. आन्या. राजेशची मुलगी.

आन्या इथेच जन्मली, इथेच वाढली. नीलांबरीच्याच शाळेत ती मराठी शिकली. 'वाढवणे म्हणजे टु इन्क्रीज' हे फळ्यावर नीलांबरीनेच लिहिलं असणार. पोरगी लहानपणी यतीनकाकाच्या खांद्यावरून खाली उतरायची नाही. पण राजेशच्या पश्चात तिची आई विनीता भावाकडे लांब अर्विंगला राहायला गेली, आन्या नोकरीला देशाच्या दुसऱ्या टोकाला बेलव्ह्यूला गेली, आणि दोन वर्षांपूर्वी हा अनुवाद करून दिल्यापासून तिने यतीनकाकाला साधा फोन केला नव्हता. लोक म्हणाले, मोठी झाली, बदलली. यतीन म्हणायचा, बिझी असेल हो. आता नीलांबरीला खरं कारण समोर दिसत होतं, पिवळ्या अक्षरांत.

ती तशीच खाली धावली.

एमोके हालमाय थिएटरच्या मधल्या रांगेत बसून पडद्याच्या कडा न्याहाळत होती. ही या फिल्मची दिग्दर्शक. हंगेरीतल्या ग्योरची, सदुसष्ट वर्षांची, आखूड पांढऱ्या केसांची, कायम एकच निळं जॅकेट घालणारी. पार्सिपनीत तिला 'खसखसवाली बाई' म्हणत, कारण हंगेरियन केकसाठी ती यतीनच्या दुकानातून किलोकिलोने खसखस न्यायची. तिथेच तिला ही फिल्म सापडली. पण माहितीपटांच्या दुनियेत तिचं नाव मोठं होतं. तरुणपणी तिने आपल्या गावचा साखर कारखाना बंद पडताना शूट केला, तिथल्या बायकांचे नुसते चेहरे दाखवले, आणि ती फिल्म युरोपभर फिरली. मग ती अमेरिकेत आली. नेब्रास्काच्या कत्तलखान्यातले सोमाली, मेनच्या किनाऱ्यावरचे लाओसी, एकेक करत ती परक्यांच्या फिल्म्स करत राहिली, आणि यातली एकही भाषा ती शिकली नाही. मुद्दाम. "शब्द कळले की मी चेहरा बघायचं सोडून देते," असं ती मुलाखतींत सांगायची. माणसाला त्याच्याच भाषेत बोलू द्यायचं, प्रश्न दुसऱ्याने विचारायचा, आणि फिल्मवर निवेदकाचा आवाज कधीच चढवायचा नाही. तिचा हा नियम फिल्म स्कूलमध्ये शिकवतात म्हणे.

मधली दहा वर्षं मात्र वाईट गेली होती. फिल्मला कुणी विचारेना, बाई कुठल्याशा कॉलेजात शिकवून दिवस काढत होती. आज न्यूयॉर्कहून एक मोठी वितरक येणार होती. तिने शेवटचं दृश्य आधी पाहिलं होतं आणि त्याच्यावरच ती फिदा होती.

नीलांबरीने एका दमात सगळं सांगितलं.

"तू चांगली शिक्षिका आहेस," ती इंग्रजीत म्हणाली. "पण मी त्याचा चेहरा पाहिलाय. सहा महिने रोज पाहिलाय. तो चेहरा काहीतरी लपवणाऱ्या माणसाचा आहे."

"तो चेहरा रडू दाबणाऱ्या माणसाचा आहे," नीलांबरी म्हणाली. "आमच्याकडचे पुरुष असेच बसतात."

"प्रत्येक जण मला हेच सांगतो. आमच्याकडचे पुरुष, आमच्याकडच्या बायका."

आता मात्र नीलांबरीचं डोकं सटकलं. "हे बघ एमोके, त्या माणसाला गावात राहायचंय. लोक त्याच्याकडे पोहे घ्यायला येतात, आणि आजपासून त्याच्याकडे बघताना त्यांना हे वाक्य आठवेल. तू खुशाल पुढची फिल्म करायला जाशील. एक सांग. तो त्या वाक्यानंतर पुढे काय म्हणाला?"

एमोके थबकली. "मला माहीत नाही. त्याच्यापुढचा अनुवादच नाही. फुटेज ऐकून अनुवाद लिहिताना ती मुलगी या वाक्याला हेडफोन काढून बाहेर निघून गेली. फुटेज मात्र पुढे आहे, शूटिंगला मी कॅमेरा चालू ठेवला होता."

"आणि तुला कधी विचारावंसं वाटलं नाही?"

"मला वाटलं, तो मला थांब म्हणतोय. त्याने हात वर केला."

"दाखव," नीलांबरी म्हणाली.

कच्चं फुटेज एमोकेच्या लॅपटॉपमध्ये होतं. दोघी पायरीवर बसल्या, मांडीवर लॅपटॉप. बाहेर फॉयरमध्ये लोक जमायला लागल्याचा गलका ऐकू येत होता. कुणाचं तरी मूल सामोसा मागत होतं.

पडद्यावर तीच शांतता. मग यतीनने घसा साफ केला. तो बोलत गेला आणि नीलांबरी जसंच्या तसं सांगत गेली.

"बाहेर लाइन लागली होती, दिवाळीची. हॉस्पिटलचा फोन आला. मी सगळ्यांना म्हटलं, सॉरी, आज नाही, घरी जा. आणि तसाच पळालो. मग तेराव्यापर्यंत उघडलं नाही. चौदाव्या दिवशी दाराशी गेलो तर उघडेना. दार ओढलं की वरची कडी आपोआप बसते, ती राजेश काढायचा. तो उंच ना. माझा हात पोचतच नाही तिथे."

आणि पडद्यावर यतीनने हात वर केला. कॅमेऱ्यासमोर तळवा नव्हताच तो. बोटं वर, हवेतच काहीतरी पकडायला गेलेली, आणि तिथेच राहिलेली.

एमोकेने चित्र थांबवलं. तो हात तिने किती वेळा पाहिला असेल. एडिटिंग टेबलावर तिने तो स्वतः कापून टाकला होता, कारण तिच्या मते कॅमेऱ्याला थांब म्हणणारा हात प्रेक्षकाला त्या अवघड शांततेतून स्वस्तात सुटका देतो. नीलांबरीला तिची दया आली आणि रागही आला, दोन्ही एकदमच.

"फिल्म काढून घे," नीलांबरी म्हणाली. "आज दाखवू नकोस."

"काढून घेतली तर परत कुणी लावणार नाही," एमोके म्हणाली. "मला माहितीये ही लोकं."

वर प्रोजेक्शनवाल्याला विचारलं तर तो म्हणाला, एक ओळ बदलायची तर सगळं पॅकेज नव्याने बनवावं लागेल, आज शक्य नाही. सबटायटलं अख्खीच्या अख्खी बंद करता येतील, तेवढंच.

"मग बंद करा," नीलांबरी म्हणाली. "मी माइकवर बोलते. लाइव्ह."

एमोकेने तिच्याकडे असं पाहिलं की नीलांबरीला आपण काय बोललो ते कळलं. तिच्या फिल्मवर आवाज. ज्या बाईने अख्खं करिअर एका नियमावर उभं केलं, तिला तो नियम त्या वितरक बाईसमोर मोडायचा होता. शिवाय शेवट कोसळणार होता तो वेगळाच. भिंत पाडायच्या दृश्याला मग काय अर्थ उरणार? एका दुकानदाराने यथावकाश शेजारचा गाळा घेतला, एवढाच. यावर कोण फिदा होणार?

"त्या मुलीला आधी सांग," एमोके शेवटी म्हणाली. "मग बोलू."

आन्या फॉयरमध्ये खांबाला टेकून उभी होती. बेलव्ह्यूहून सकाळीच पोचली होती. यतीन समोरच्या दारातून आत आला, त्याने लांबून तिला हात केला, आणि तिने फोनमध्ये डोकं खुपसलं. यतीनने हात खाली घेतला, शर्टाला पुसला आणि तो आत जाऊन बसला. नीलांबरीने हे पाहिलं.

तिने आन्याला बाजूला घेऊन सांगितलं. पोरगी आधी मान हलवत राहिली.

"नो, मावशी. वाढवणं म्हणजे इन्क्रीज. तुम्हीच शिकवलंय."

"शिकवलं मी. अर्धंच शिकवलं. दुकान वाढवलं म्हणजे बंद केलं, बाळा. क्लोज्ड इट. बाबा गेल्याचं कळलं आणि त्याने कुलूप घातलं."

"पण त्याने भिंत तोडली ना," ती म्हणाली. "आय सॉ इट."

"चार महिन्यांनी. तुझ्या आईला विचारून. तुझ्या बाबाचंच स्वप्न होतं ते. तू आईशी कधी बोललीस का याबद्दल?"

"कसं बोलणार? तिला आणखी त्रास..." तिने हातातल्या फोनकडे पाहिलं. "दोन वर्षं मी त्याचे फोन उचलले नाहीत, मावशी. त्याने बर्थडेला व्हॉइस मेसेज पाठवला. मी न ऐकता डिलीट केला."

नीलांबरीने तिला जवळ घेतलं. मागे एमोके येऊन उभी होती. भाषा येत नसली तरी एवढं तिला दिसत होतं. तिने प्रोजेक्शनवाल्याला खूण केली आणि रुक्षपणे म्हणाली, "बंद कर. सगळी."

थिएटर भरलं. एमोकेने पुढे येऊन दोन वाक्यांत सांगितलं की आज अक्षरं नाहीत, एक आवाज असेल. न्यूयॉर्कच्या वितरक बाईने नापसंतीने मान हलवली, ती नीलांबरीला मागच्या, माइक ठेवलेल्या टेबलावरूनही दिसली.

ती माइकवर बोलत गेली. मेतकूट जमल्याचं तिने नीट सांगितलं आणि निम्मं थिएटर हसलं. पुढच्या रांगेत यतीनचं टक्कल दिसत होतं. पडद्यावर राजेशचा जुना फोटो आला तेव्हा ते खाली वाकलं.

शेवटचा इंटरव्ह्यू लागायच्या जरा आधी आन्या अंधारातून टेबलापाशी आली आणि तिने हात पुढे केला. नीलांबरीने तिच्याकडे पाहिलं. हिला जमेल का? पोरीच्या तोंडून हुंदका फुटला तर? वेळ नव्हता. तिने माइक दिला.

"राजेश गेला, त्याच दिवशी मी दुकान वाढवलं," पडद्यावर यतीन म्हणाला. "दुसरं काय करणार होतो मी?"

माइकमधून काहीच आलं नाही.

पडद्यावर ती लांब शांतता सुरू झाली. बोलायचं ते एवढ्यातच होतं. ही संपली की ड्रिल सुरू होणार, भिंत पडणार, आणि मराठी न येणारं अर्धं थिएटर आपल्या मनाने काय ते समजून घेणार. नीलांबरीने आन्याच्या पाठीवर हात ठेवला. एमोके भिंतीशी उभी होती, पडद्याकडे तिचं लक्षच नव्हतं, ती पोरीकडे बघत होती. नीलांबरी मनात म्हणत होती, बोल गं, बोल, नाहीतर मी माइक काढून घेते.

आन्याने श्वास घेतला तो सगळ्यांना ऐकू आला.

"माझे बाबा गेले त्या दिवशी," ती इंग्रजीत म्हणाली, "त्याने दुकान बंद केलं. तो 'बंद' म्हणत नाही. आमच्या भाषेत दुकानाबद्दल तसं बोलत नाहीत, वाईट वाटतं. म्हणून 'वाढवलं' म्हणतात. मी ते चुकीचं लिहिलं होतं. आणि दोन वर्षं मी त्याच्याबद्दल तेच खरं मानलं."

पुढच्या रांगेतलं टक्कल वळलं. यतीन खुर्चीत मागे फिरून अंधारात आवाज कुठून येतोय ते शोधत होता. पोरगी का रुसली हे त्याला आत्ता, चारशे लोकांबरोबर, कळत होतं. मग ड्रिल सुरू झालं आणि भिंत पडली. एका दुकानाची भिंत, बाकी काही नाही.

दिवे लागले तेव्हा वितरक बाईची खुर्ची रिकामी होती. ती केव्हा उठून गेली ते कुणी पाहिलं नव्हतं. एमोकेने पाहिलं असावं, कारण तिने तिकडे एकदाही मान वळवली नाही. लोकांनी टाळ्या वाजवल्या, बऱ्याच बायका डोळे पुसत होत्या. नीलांबरीने एमोकेला सॉरी म्हटलं.

"शेवट नव्याने कापावा लागेल," एमोके म्हणाली. "तो हात परत घालायचाय. कडीवाला."

फॉयरमध्ये लोक आपोआप दोन्ही बाजूंना सरकले. यतीन मधोमध उभा होता. आन्या त्याच्यापासून चार हात लांब थांबली, तिला वर बघता येईना.

"अगं, मला विचारायचंस ना एकदा," यतीन म्हणाला. आवाजात राग नव्हता, नुसती दमणूक होती. "मी आपला विचार करत बसलो, आपण पोरीला काय बोललो. आठवून आठवून थकलो."

आन्या रडत होती, आणि यतीनला रडणाऱ्या पोरीचं काय करायचं हे कधीच कळलेलं नव्हतं; लहानपणी तो तिला उचलून सरळ चिप्सच्या कपाटापाशी न्यायचा. आता तो नुसता हात पुसत राहिला. मग तिनेच, काहीतरी बोलायचं म्हणून, नाक ओढत विचारलं, "काका, शॉप कोण बघतंय आत्ता?"

"कोण बघणार? मी एकटाच तर आहे," यतीन म्हणाला. "वाढवून आलोय."

क्षणभर तो शब्द दोघांच्या मध्ये तसाच राहिला. मग आन्या पुढे झाली आणि तिने त्याच्या पांढऱ्या शर्टात तोंड खुपसलं. यतीनने तिच्या डोक्यावर हात ठेवला. या वेळी तो बरोबर पोचला.

एमोके नीलांबरीच्या शेजारी उभी होती. हातात कॅमेरा नव्हता. समोर दोन चेहरे होते, असे की तिने आयुष्यभर शोधले असते, पण ती त्यांच्याकडे बघायचं सोडून नीलांबरीकडे वळली.

"काय म्हणाला तो?" तिने विचारलं. "मला शब्द हवेत."

नीलांबरीने सांगितले. एमोकेने ते हळू आवाजात म्हणून पाहिले. 'ढ' तिला काही केल्या जमेना. नीलांबरीने तिला पुन्हा म्हणायला लावलं.